येळवशीचा चंद्र

अमावस्येला चंद्र निघत नाही
हे मला कुणी शिकवायची गरज नाही.
हाळीच्या बैलबाजारात मी पावत्या फाडतो,
तारीख, तिथी, दात, शिंग, रंग,
सगळं माझ्याच हातचं.

तरी त्या येळवशीला
अंबिलीचं रिकामं बिंदगं घेऊन शेतातून परतताना
तिरू नदीच्या अंगानं काहीतरी वर आलं.
मोठं नव्हतं. घाईत नव्हतं.
महानंदा चहावाली पुढं चालत होती, ती म्हणाली,
"वर बघू नगा, बघितलं की दात आंबलालेत."
मग अर्थातच सगळ्यांनी वर बघितलं.

संग्राप्पाला कडब्याच्या गंजीचा पिवळा रंग ऐकू आला,
कुणीतरी सुपात हरभरा पाखडतंय तसा.
कंधारचा व्यापारी नोटा मोजायला बसला
आणि थुंकत उठला:
पाचशेची कडूशार, दहाची मात्र गुळमट.
माझ्या पेनातली निळी शाई
कोपरापर्यंत गार लागली,
विहिरीत दुसऱ्या पायरीवर बसून हात बुडवावा तशी.
पावती क्रमांक चारशे बारा अर्धीच राहिली.

सकाळी बाजार भरला आणि कुणालाच बैल बघवेना.
शेवऱ्याचे काळे ठिपके
बघणाऱ्याच्याच पाठीला खाजत होते.
पांढऱ्याधोट बालंक्याकडं बघून
एक धडधाकट गडी शिंकायलाच लागला.

मैनोद्दीन दलालाला डोळे नाहीत.
लहानपणी देवीत गेले.
त्याचा सगळा धंदा रुमालाखाली:
बोट धरलं की हजार, मूठ धरली की पाच.
वशिंडावर तळवा ठेवून तो बैलाचं वय सांगतो
आणि खोटं बोलणाऱ्याची नाडी
सौद्याच्या आधी ओळखतो.
त्या दिवशी डोळे असलेले सगळे त्याच्याभोवती.
"चाचा, ह्यो पांढराच हाय न्हवं?"
"मला इचारलालाव?" तो हसला.
हसता हसता थांबला.

"कसा हाय त्यो रातचा?
पन्नास वर्सं ऐकलालो, गोल, पांढरा, भाकरीवानी.
मी आपला हौ म्हणायचो.
माणूस एवढं सांगलालाय, त्याचं मन कशाला मोडा.
पांढरं म्हंजी काय
ते कुणी हातात दिलंच नाही मला."

आम्ही गप्प.
संग्राप्पानं तोंड उघडलं, मिटलं.
महानंदानं पदराला हात पुसला
आणि सरळ रुमालाखाली घातला.
त्या रुमालानं आजवर
बाईचा हात पाहिला नव्हता.

काय बोलली ते रुमालाला माहीत.
एक बोट हललेलं दिसलं.
मग बराच वेळ काहीच हललं नाही.
मागून कुणीतरी सवयीनं विचारलं, "कितीला?"
त्याला तिथंच कुणीतरी कोपर मारला.

मैनोद्दीनच्या पापण्या
आत काही नसताना फडफडल्या.
"एवढा गार?" तो म्हणाला.
"आन् तुमी त्याला रोज उघड्यावर ठिवलालाव?"

तिसऱ्या रात्री ते वर आलं नाही.
शाई नुसती निळी झाली, नोटा नुसत्या नोटा.
महानंदाच्या चहाला पुन्हा
फक्त चहाची चव.
त्याबद्दल कुणी बोलत नाही.
भाव मात्र आता जरा हळू ठरतात,
रुमालाखाली हात गरजेपेक्षा थोडा जास्त राहतो.

पौर्णिमेला मैनोद्दीन
घोंगडं घेऊन माळवदावर गेला,
त्याची सून सांगत होती,
आणि रिकाम्या हातानं खाली आला.

मार्चमध्ये तपासणीला साहेब आले.
पावतीपुस्तक चाळता चाळता चारशे बारावर अडले.
"रंगाच्या रकान्यात गार?"
मी म्हणालो,
इकडं म्हणतात तसं.