शिल्लक

वसमत रोडला घर बांधलं तेव्हा
सत्वशीलानं देवघर मागितलं, मी हौद.
सहा बाय चार, उरलेल्या फरशीच्या तुकड्यांचा,
कडेला अळू, मधे एकच कमळ, तेही रुसलेलं.
मुजीबच्या दुकानातून अकरा मासे आणले,
पिशवीत हवा भरून, स्कूटरच्या हुकाला लटकवून.
नारिंगी, झालरीच्या शेपटीचे,
पाण्यात कुणी ओढणी खळबळावी तसे.

नळाला पाणी आठ दिवसांआड.
शेजारी म्हणाले, माणसाला नाही अन् माशाला.
मी गप्प राहिलो. अंघोळ एका बादलीवर आणली.

पोळा झाला आणि मोजणी चुकायला लागली.
अकराचे नऊ. नऊचे सात.
सत्वशीलाचा संशय मांजरावर, माझा खंड्यावर.
मुजीब म्हणाला, "सर, बोअरच्या पाण्यात क्षार लई."
(तो मला सर म्हणतो. मी सर नव्हतो कधी.)

रात्री दोनला बॅटरी घेऊन बसलो.
अळूखाली दोन सोनेरी कडा चमकल्या.
पंज्याएवढा. हिरवट, पाठीवर उभ्या घड्या,
मधोमध पिवळी रेघ, मान नाहीच.
आणि तोंडाच्या कोपऱ्यातून
ओढणीचं टोक बाहेर, अजून हलणारं.

मग त्यानं डोळे मिटले.
बघणाऱ्याला वाटेल, तृप्ती.
पण बेडकाला चावता येत नाही.
तो बुबुळं आत ओढतो
आणि त्यांनी घास खाली ढकलतो.
डोळ्यांनी गिळणारा प्राणी.

हे मला ठाऊक, कारण एकतीस वर्षं
कॉलेजच्या प्रयोगशाळेत मी परिचर.
कालव्याकाठची पोरं पोत्यानं बेडूक आणायची,
नगावर पैसे, लंगडा चालत नाही.
बरणीत क्लोरोफॉर्मचा बोळा, मेणाचा ट्रे,
चार पायांना चार टाचण्या.
टेकाळे मॅडम म्हणायच्या,
घाई नको, बघा, हृदय चालू आहे अजून, तीन कप्पे.
पोरी नाकाला रुमाल लावायच्या.
मी रजिस्टर लिहायचो:
आवक एकशे चाळीस. जावक एकशे चाळीस.
शिल्लक निरंक.
पुढं वरून बंदी आली, ट्रे भंगारात गेले.
एक मी घरी आणला, मेण खरवडून.
त्यात सत्वशीला मिरच्या वाळवते.

त्याला बादलीत धरला. वर परात, परातीवर वीट.
मागच्या उजव्या पायाचं एक बोट तुटलेलं.
पहाटे कालव्यावर सोडून आलो, पाच किलोमीटर.
येताना कंबर दुखत होती,
बाकी काही वाटलं नाही.

आठव्या रात्री पुन्हा तोच आवाज,
ओल्या पोत्यात कुणी ढेकर द्यावी तसा.
बॅटरी. अळू. तुटकं बोट.
बनी तो बनी, नहीं तो परभणी,
त्यालाही माहीत दिसतंय.

"काहून हसायलाव एकटेच?" खिडकीतून सत्वशीला.
"किती राहिले?"
मी पाण्यात उजेड फिरवला.
तळाला, कुंडीच्या कपारीत, एक झालर,
कदाचित दोन.
तो काठावर बसलेला, गळा हालवत,
पोट तट्ट.
आणि माझी बोटं आपोआप जुळली,
इथून, मधोमध, कात्री तिरपी धरून,
आधी कातडी, मग स्नायू,
डाव्या अंगाला जठर,
उघडलं की नारिंगी.

बॅटरी विझवली.
अंधारात एकदाच डुबकन वाजलं.
"मोजून सांगा की," ती म्हणाली.
"सकाळी," मी म्हणालो
आणि तिथंच बसून राहिलो, पायरीवर,
हात मांड्यांखाली दाबून.