बगळ्याची मान

कुंभारवेशीच्या जुन्या बाजारात बशीर
रिळं किलोवर विकतो,
पितळी नळ, कुलपं आणि मिक्सरच्या भांड्यांशेजारी.
डबा उघडायचा, नाकाशी धरायचा.
व्हिनेगरचा वास आला तर फिल्म मरायला टेकलीय,
नाही आला तर बशीर भाव वाढवतो.
म्हणून मी दोन्ही वेळा नाक मुरडतो.

खडकीच्या कारखान्यात एकतीस वर्षं टूलरूमला होतो.
मोजल्याशिवाय काही खरं मानायची सवय नाही.
आणि अशा माणसाला हा बगळा सापडला:
काळा-पांढरा, सात मिनिटांचा,
अंगात जाकीट, पायात एकच बूट,
नावाची पट्टी कुणीतरी केव्हाच कापून नेलेली.
हिनं एकदा पाहिलं आणि म्हणाली,
"अगदी तुमचे पीटीचे घाणेकर मास्तर."
झालं. डब्यावर खडूनं तेच नाव.

आता मास्तरांची एकोणीस रिळं आहेत,
दिवाणाखाली, गव्हाच्या कोठीत,
एक फ्रीजमध्ये कोथिंबिरीमागे, तिच्या परवानगीनं.
साल कशावरच नाही.
मग मी व्हर्नियर काढला.
मान मोजली, चोचीच्या बुडापासून जाकिटाच्या कॉलरपर्यंत.
एका रिळात सव्वातीन मिलिमीटर,
मग तीन, अडीच,
एकात तर दोनही भरेना.
लागला क्रम.
लांब मान म्हणजे जास्त शाई, जास्त हात, जास्त पगार;
कुठल्यातरी हिशेबनिसानं दरवर्षी थोडी थोडी छाटली असणार.

मान गेली तशी खोडीही गेली.
आधी मास्तर मासा चोरून
पोलिसाच्याच टोपीत लपवायचे.
मग विकत घ्यायला लागले, सुट्टे पैसे मोजून.
शेवटी माशाला पोहायला शिकवतात
आणि सगळे मिळून गातात.
ही म्हणते, सगळ्यांचं असंच होतं.
कुणाचं, ते मी विचारलं नाही.

पहिलं रीळ मात्र नव्हतं.
जिथे मास्तर अजून मास्तर नाहीत,
दुसऱ्याच कुणा बेडकाच्या गोष्टीत
तळ्याकाठी गर्दीत उभे आहेत, बिनबुटाचे.
ते असणार, हे मला मानेवरून कळलं होतं.
सव्वातीनपासून कुणी सुरुवात करत नाही,
सव्वातीन ही छाटणीनंतरची असते.

मार्गशीर्षातल्या एका रविवारी बशीरनं लांबूनच हाक मारली.
डबा गंजलेला, वास असा की शेजारचा कुलूपवाला शिंकला.
"हा फुकट."
बशीर फुकट म्हणाला म्हणजे संपलंच.

फिल्म आक्रसलेली, भोकं दात्यांना जुळेनात.
प्रोजेक्टरवर चढवली असती
तर एकदाच दिसली असती, फाटता फाटता.
स्वयंपाकघरात ट्यूबलाइटसमोर धरली,
डोळ्याला घड्याळजीचं भिंग,
एकेक चौकट बोटानं सरकवत.
बेडूक. बेडूक. बेडूक. तळं. बेडूक.
आणि कडेला ते.
मान चौकटीच्या वर निघून गेलेली,
डोकं कुठे आहे पत्ता नाही.
मोजताच येईना.

अकरा सेकंद. दोनशे चौसष्ट चौकटी.
काही करत नाहीत. एकदा पाय बदलतात.
त्यातल्या एका चौकटीत, पंखाच्या पांढऱ्यावर
अंगठ्याचा ठसा.
ज्या कुणी रंग भरला त्याचा;
वाळायच्या आत उचललं असणार,
जेवणाची घंटा झाली असेल.
चालत्या सिनेमात सेकंदाचा चोविसावा भाग.
कुणालाच दिसला नसणार, आजवर.

हिला बोलावलं. कणकेचे हात पदराला पुसले तिनं,
भिंग लावलं, बराच वेळ काही बोलली नाही.
"बाईचा आहे."
कशावरून?
"लहान आहे. आणि घाईत आहे."

डबा फ्रीजमध्ये गेला, जुन्या डब्याला खेटून.
आठ दिवस झाले,
आमटीतल्या कोथिंबिरीला व्हिनेगरचा वास येतो.
ही वाढते, मी जेवतो.
कुणीच तक्रार केलेली नाही.