पर्जन्यछाया

एकतीस वर्षं मी चौथीला भूगोल शिकवला
पेडण्याच्या सड्यावर, मराठी शाळेत.
जुलैत कौलांवर असा कोसळायचा
की पाठ ओरडून घ्यावा लागे.

फळ्यावर डोंगर काढायचे.
अलीकडे ढग, आणि खडूचा भुगा होईस्तोवर
तिरक्या रेघा.
पलीकडे कोरा फळा.
म्हणायचे, हा पर्जन्यछायेचा प्रदेश. लिहा.
मुलं लिहीत.
दमट वहीत शाई पसरायची
आणि माणदेशसुद्धा भिजून जायचा.

त्या कोऱ्या फळ्यातून
बिरा मेटकरी आला, आटपाडीकडचा,
दहा हजार लिटरचा टँकर घेऊन.
मंगळवार आणि शनिवार, एप्रिलपासून.
शनिवारचा भरवसा नाही,
शनिवारी उतारावरच्या बंगल्यांचे
पोहायचे तलाव भरायचे असतात.

पहिल्या दिवशी मी कळशी काठोकाठ घेतली
आणि घरापर्यंतची वाट भिजवत गेले.
मागून म्हणाला,
बाई, सांडायची सवय आहे तुम्हाला.
टोमणा नव्हता.
तुम्ही डावखुऱ्या आहात, म्हणावं तसं.

दुसऱ्या खेपेला त्यानंच फणसाची दोन पानं
कळशीत टाकली,
पाणी हिंदकळायचं थांबलं.
साठ पावसाळे काढलेल्या बाईला
हे कुणी शिकवलं नव्हतं.

पावसाला आमच्याकडे शब्द किती,
सर, झड, बुरबूर, पावळीची धार.
पाणी सरण्याला एकच: गेलं.
त्याच्याकडे निवळ आहे, म्हणजे
गढूळ घागर रात्रभर न हलवता सकाळी मिळतं ते.
त्याच्याकडे झिरा आहे,
नदीच्या वाळूत हातभर उकरायचं
आणि शेजारी बसून राहायचं.
किती वेळ?
आई सांगेल तोवर, म्हणाला.

शाळेचा पर्जन्यमापक अजून माझ्या अंगणात आहे,
सकाळी साडेआठला मी आकडा लिहिते,
कुणी मागत नाही.
पाऊस कमी झालेला नाही, वही साक्ष आहे.
पूर्वी तो मुक्कामाला यायचा,
दगडाच्या भोकाभोकांतून उतरत
मार्गशीर्षात कुठेतरी झर होऊन निघायचा.
आता वरातीसारखा येतो.
चार दिवस बेफाम,
मग सपाट केलेल्या सड्यावरून थेट समुद्राला.
वाटेत कुणाच्या बांयत डोकावत नाही.

परवा बिराच्या आईचा फोन आला.
ऐन वैशाखात ओढा दारापर्यंत चढलाय,
डाळिंबं फुटून बागेतच कुजली.
तो बराच वेळ पाईप गुंडाळत राहिला,
मग हसला,
बाई, तुमचा पाऊस पत्ता चुकला वाटतं.
मला हसू आलं, आणि आलं म्हणून
घरात जाऊन जरा बसावं लागलं.

कोकण आणि माणदेश, फरक स्पष्ट करा.
पाच गुण.
सगुण परबनं एका वर्षी
पट्टीनं नीट दोन घरं आखली होती
आणि दोन्ही मोकळी ठेवली होती.
शून्य दिलं होतं मी, लाल, भलंमोठं.
सगुण आता कुठे असतो, विचारायला हवं.

बांयत कासव आहे, सासऱ्यांनी सोडलेलं.
सून म्हणून आले तेव्हापासून ऐकत होते,
दिसलं यंदाच.
चिखलाच्या कडेला, पाठ वाळलेली,
एखादी वाटी उपडी घालावी तसं.
रांग सरली की टँकरच्या तळाशी
अर्धी बादली उरते.
बिरा कुणाला न विचारता ती आत ओततो.
पूर्वी लगेच आवाज यायचा.

आम्ही दोघं कठड्यावर वाकून
मोजत थांबतो.