अकरा सेकंद पाणी

नुकूसच्या आमच्या कचेरीत फोन आला:
माहितीपटासाठी अरल समुद्र हवाय, अकरा सेकंद.
माणसं नकोत. नुसतं पाणी.
मी म्हटलं, बघतो.

मुयनाकमध्ये समुद्र शोधायचा
तर दारं ठोठवावी लागतात.
गावाच्या तोंडचं पाणी पळालं, असं आपण म्हणतो;
इथलं खरोखरच पळालं,
शंभर किलोमीटर,
बोटींना न सांगता.

पेर्देबाय कारखान्याच्या क्लबात सिनेमे दाखवायचा,
अधूनमधून स्वतःही कॅमेरा फिरवायचा.
आता त्याची सून बिबिनाझ
मला कोंबड्यांच्या खुराड्यामागे घेऊन गेली.
सात डबे. एकावर फिकट शाईत: वसंत, ६१.
बाकीचे मुके.
"सासरे म्हणायचे, कारखाना मासे डब्यात भरतो,
उरलेलं मी भरतो."

झाकण काढताना आधी नाक पुढे करायचं, डोळे मागून.
सिरक्याचा वास आला की समजावं, फिल्म आंबली.
पाच आंबल्या होत्या. त्यातली एक
हातात घेताच पापडासारखी मोडली,
तिच्यात काय होतं ते आता कुणालाच कळणार नाही.
दोन मात्र कोरड्या ठणठणीत.
ओल फिल्म खाते,
आणि समुद्र गेल्यापासून इथल्या हवेत
ओल औषधालाही नाही.
हे गणित मी बिबिनाझला सांगितलं नाही.
तिने चहा ओतला. खारट होता, इथला असतोच.

पांढरे हातमोजे, भिंग, हाताने फिरवायचं चाक.
तुटलेली भोकं मी एकेक करून सांधली,
तीन आठवडे, त्यात एकदा वीज गेली दोन दिवस.
मग भिंतीवर पाणी आलं.
करडं, ओरखड्यांचं, जरा तिरकं,
पण हलत होतं.

गावातल्या जुन्या माणसांना बोलावलं,
कॅमेरा नेमका कुठे उभा होता ते सांगायला.
कुणी काही बोलेना.
चौऱ्याऐंशीची कलबीके पुढे सरकली, अगदी भिंतीला टेकून,
लाटांकडे तिने पाहिलंच नाही.
कोपऱ्यात धक्क्यावर एक बादली होती.
"ही आमची," ती म्हणाली. "कडी वाकडी आहे, बघ.
तुर्सीनायने नेली होती मासे धुवायला.
परत दिली नाही.
वर म्हणत राहिली, मी नेलीच नाही."
तुर्सीनायला जाऊन वीस वर्षं झाली, कुणीतरी म्हणालं.
"मग काय झालं," कलबीके म्हणाली. "परत लाव."

परत लावली. चार वेळा.

ताश्कंदला अकरा सेकंद पाठवले, बादली कापून.
ते म्हणाले, सुंदर; थोड्या उंच लाटा नाहीत का?
मी म्हटलं, नाहीत.

मूळ रीळ कपाटात आहे, खालच्या खणात, थंडीत.
नोंदीच्या कार्डावर लिहिलंय:
मुयनाक, धक्का, सकाळ असावी.
पाणी.
बादली एक, कडी वाकडी,
मालकीण कलबीके.