तिसरा रकाना

सुपीरियर सरोवराच्या या काठावरची पेपर मिल बंद पडून एकोणीस वर्षं झाली,
केबलचा चॅनल दहा त्याच्याही आधी गेला.
त्याच्या टेपा आइस रिंकच्या तळघरात सापडल्या,
हॉकीच्या फाटक्या जाळ्यांखाली, केळ्यांच्या खोक्यांत.
दोनशे बारा. काहींना बुरशी.

लायब्ररीने काम मला दिलं.
टेप पुसते, लावते, तक्ता भरते:
तारीख, कार्यक्रम, दोष.

आर्वो लेह्तिनेन तासभर गळ बांधत बसतो, बोलत काहीच नाही.
'विचारा नगरपालिकेला' मध्ये फोन वाजतच नाही,
नगरसेवक पाण्याचा ग्लास डावीकडून उजवीकडे ठेवतो.
हालिना बॉयचुक पिरोगीचं पीठ मळते,
वर ओलं फडकं टाकते, म्हणते, आता अर्धा तास मुरू द्या,
आणि चॅनल दहा अर्धा तास
ते फडकं दाखवतो.
काटछाट येत होती कुणाला!
ती शेजारी बसून राहते, मध्येच
दिराच्या बकरीची गोष्ट सांगते,
आणि चित्र गदगदा हलतं.

दोष: कॅमेरा हलतो.
त्यावर मशीनमध्ये इलाज आहे. एक बटण दाबलं
की भिंत भिंतीसारखी उभी राहते.
अशा चाळीस टेपा मी सरळ केल्या.

मंगळवारी इर्या निएमी आली, वॉकर ढकलत,
बुटांचा बर्फ दारातच झटकून.
हालिनाची टेप मागितली. बकरीपर्यंत गप्प होती.
मग म्हणाली, इथे हलायला हवं.
मी म्हटलं, ते मी काढलं.
तो रायमो होता, ती म्हणाली.
आवाज जाऊ नये म्हणून ओठ चावायचा,
पण कॅमेरा खांद्यावर. खांदे कुठे लपवणार?

रायमो एकाही टेपेत दिसत नाही.
शेवटच्या पाटीवर नाव आहे, तेही चुकीचं.

मूळ टेप लावली.
पीठ मुरत राहिलं. बकरी आली.
भिंत, फडकं, हालिनाचा चष्मा
सगळे एकदम हसायला लागले.
इर्याने पडद्याची कड धरली,
उतू जाणारं भांडं धरावं तशी.

ती गेल्यावर मी पहिल्या टेपेपासून पुन्हा सुरुवात केली.
सतराव्या मिनिटाला
आर्वोच्या मागची भिंत किंचित थरथरली.
तिसऱ्या रकान्यातलं खोडून लिहिलं:
रायमो, सतरावं मिनिट.

कशाला हसला असेल?
आर्वो तर काहीच बोलला नव्हता.