निवतीच्या वाळूत दोन मेलेले

सगुण पालवाचं सांगायचं तर
पेटाऱ्यापासून सुरुवात करायला हवी.
पण मी पेटीवाला,
मला काळी पाच दाबल्याशिवाय काही आठवत नाही.

तर काळी पाच.
रात्रीचा एक, वालावलची जत्रा,
खाज्याच्या पाट्या अजून उघड्या,
आणि देवळामागे कंदिलाजवळ सगुण
बायकोचं हिरवं लुगडं नेसतोय.
दुसऱ्या दिवशी तेच नेसून ती आमच्याकडे
लोणचं मागायला आली,
काठाला हिंगुळाचा डाग.
म्हणाली, ‘द्रौपदीन नेसलेला. धुवचंय नाय.’

सतराव्या वर्षी द्रौपदी. तिशीत रावण.
मग संकासुर, लाल जीभ काढून
पोरांना आईच्या पदरात ढकलणारा.
एकदा भीमाला ताप भरला
तेव्हा भीमही हाच आणि बकासुरही हाच,
पडद्यामागून धावत येऊन
स्वतःच स्वतःला गदेने मारत होता.
कोणी हसलं नाही.
बकासुर मेल्यावर पुढच्या रांगेतली एक म्हातारी
चक्क हळहळली.

आमच्यात लिहिलेलं काही नसतं.
तो बोलायचा, लांबवायचा, वळायचा,
मी भाता धरून मागोमाग,
अंधारात बैलगाडीच्या मागे कुत्रं जातं तसा.

मग एका वर्षी निवतीला सिनेमावाले आले.
बुडालेल्या जहाजाची गोष्ट.
किनाऱ्यावर दोन प्रेतं हवी होती:
एक परदेशी, एक इथलं.
आठशे रुपये आणि बांगड्याचं जेवण.

परदेशी प्रेत इटलीहून आलं होतं.
रेनातो नाव. गावाने त्याचा ‘रेणातू’ केला.
पन्नास वर्षं रंगमंचावर, पडद्यावर दोनशे वेळा,
असं छत्री धरणारा पोरगा सांगत होता.

सकाळी नऊपासून दोघे वाळूत मेलेले.
‘मेलंय खरो,’ सगुण ओठ न हलवता म्हणाला,
‘पण नाक खाजता.’
मी जाऊन खाजवलं.

कॅमेऱ्याचं काहीतरी बिघडलं. उठायची मनाई.
तेव्हा रेनातोने पडल्यापडल्या
दोन हातांनी डोक्यावर मुकुट ठेवला
आणि मान तिरकी करून सगुणकडे पाहिलं.
सगुणने आपला ठेवला. थोडा मोठा.
त्याने पाद्री केला, याने नारद.
त्याने चोर, याने कृष्ण. तोही चोरच.
त्याने लांब केस विंचरले आरशात बघत,
तर सगुणने नुसती मान वळवली,
फक्त मान,
आणि रंगवणारी पोरगी चघळायची थांबली.

मग रेनातोने खांद्यावर नसलेला टॉवेल टाकला,
हातावर तीन ताटं तोलली,
बोटं दाखवली: आठ.
आठ वर्षं.

सगुण जरा गप्प राहिला.
मग त्याने हवेत चिरा घडवला,
चिरेखाणीतला, जांभा,
पावसाळ्याच्या तोंडापर्यंत रोज घडवायचा तसा,
आणि हात पालथा वाळूवर टाकला.
रेनातोने त्यातले घट्टे चाचपून पाहिले,
बाजारात बांगडा ताजा आहे का बघतात तसे.
दोघांना एकमेकांचा एक शब्द येत नव्हता.

लाट आली पायापर्यंत.
कोणी सांगितलं नव्हतं,
तरी दोघे एकदम मेले.

सिनेमा भाच्याच्या मोबाईलवर पाहिला.
रेनातोचा चेहरा सव्वा मिनिट.
सगुणचा डावा पाय.
‘तेच्यात काम बघ,’ तो सगळ्यांना म्हणायचा,
आणि खरं सांगतो,
तो पाय बुडून मेलेल्याचाच होता.

परवाच्या माघात गेला.
मी उशाशी बसलो होतो, पेटी घरीच,
बोटं मात्र मांडीवर काळी पाच शोधत.
बायका रडत होत्या, त्यात ती नव्हती.
ती मघापासून टक लावून बघत होती.
मग माझ्याकडे वळून म्हणाली,
‘नाक खाजव रे तेचा.
स्वतःहून हलूचो नाय तो.’