आधी हात, मग आवाज

अण्णांना सिनेमाला नेलं ते स्वरूपाच्या हट्टानं,
मिरज रस्त्यावरच्या टॉकीजात, रविवारी तीनच्या खेळाला.
हळदीच्या बाजारात चाळीस वर्षं तोलाई केलेली,
बोटं अजून पिवळी.

पडद्यावर एक बाप. गळ्यात शिट्टी.
पहाटे चारला पोरीची रजई ओढतो,
मोहरीच्या शेतातून तिला पळवतो.
मागं ढोल. घाम सावकाश, थेंबाथेंबानं पडतो.
त्याचं एक पदक राहून गेलंय,
ते तो हिच्या गळ्यात बघतोय
ही जन्मायच्या आधीपासून.

अण्णा फक्त पाय बघत होते.
"वळताना टाच टेकवालीया," म्हणाले, मोठ्यानं.
पुढच्या रांगेतून कुणीतरी शुक् केलं.

आमच्या खेळावर असला सिनेमा मी तरी पाहिला नाही.
दाखवतील काय?
आठ जण ओळीनं उकिडवे बसलेले,
एकाचं तोंड उगवतीला, पुढच्याचं मावळतीला,
पाठीवर कधी हात पडतोय याची वाट बघत.
कवठेपिरानच्या मैदानात मी दोन वर्षं तशी बसले.
अण्णांनी शिकवलं ते एवढंच:
आधी हात, मग आवाज. नुसता आवाज म्हणजे फाउल.
आणि एकदा दिशा धरली
की खांब येईपर्यंत मागं फिरायचं न्हाई.

दहावीत घोटा गेला. मी खेळ सोडला.
त्या संध्याकाळी वाट बघत बसले
सिनेमात होतं तसलं काहीतरी व्हायची.
एक थोबाडीत. निदान भिंतीवरचा
एकोणऐंशीचा जिल्हा संघ काढून पालथा ठेवतील
(त्यात अण्णा टोकाला, फ्रेमनं खांदा कापलेला,
खाली नाव: भू. बा. मगदूम, राखीव).
ते आले. हात धुतले.
तव्यावर ओल्या हळदीचा लेप गरम केला
आणि घोट्याला बांधला. बोलले काहीच नाहीत.

मला वाटलं, ह्यांना काही वाटलंच नाही.
किती वर्षं तसं वाटत होतं
ते आता सांगायची लाज वाटते.

सिनेमातल्या बापांचा आवाजच आधी येतो.
हात येतो शेवटी, तोही गॅलरीतून, हलवलेला.
झेंडा वर गेला. स्वरूपा रडत होती,
पलीकडचा मिशीवाला नाक पुसत होता.
मीही रडले, माझ्या हिशोबानं.

दिवे लागले. लोक उठले. अण्णा बसलेलेच.
"गुडघं," म्हणाले. "त्यास्नी अजून कळंना, सिनेमा संपलाय."
मी मागच्या रांगेत गेले.
पाठीवर हात ठेवला, सदऱ्यातून कणा लागला,
आणि तोंडातून गेलं, अगदी हळू:
खो.

अण्णा उठले.
दार डावीकडं होतं. गाडीही डावीकडंच लावलेली.
अण्णा उजवीकडं निघाले,
एकेक खुर्ची धरत, रांगेच्या टोकाकडं.
"आजोबा, इकडं!" स्वरूपा ओरडली.

थांब, म्हटलं तिला.
खांब येऊ दे.